मिरी, मोहरी आणि एक कादंबरी

सुमारे दोनशे वर्षांपूर्वी इंग्लंडमधल्या एका उमराव घराण्यातील बाईंनी स्कॉटलंडला एक पत्र पाठवले. त्यांना कुत्र्यांची एक जोडी हवी होती. पत्रावर ना गाव, ना परगणा. फक्त नाव होते, डँडी डिनमाँट. गंमत अशी की हा डँडी डिनमाँट म्हणजे एका कादंबरीतला शेतकरी! आमच्या कचेरीत असे टपाल आले असते तर आवक वहीत चढून, 'पत्ता अपुरा' असा शेरा घेऊन ते आल्या वाटेने परत गेले असते. तिथल्या टपालवाल्यांनी मात्र ते बरोबर पोचते केले. डोंगराळ मुलखात हिंडली नावाचे एक शेत होते, तिथे जेम्स डेव्हिडसन नावाचा शेतकरी राहत असे, त्याच्या हाती. त्यानेही ते पत्र आपलेच समजून घेतले आणि मोठ्या अभिमानाने बाईंची मागणी पुरी केली. ही सांगोवांगीची गोष्ट नव्हे. त्या कादंबरीचा कर्ता सर वॉल्टर स्कॉट याने स्वतःच ती पुढच्या आवृत्तीच्या टिपणात नोंदवून ठेवली आहे.

ती कादंबरी म्हणजे १८१५ साली प्रसिद्ध झालेली 'गाय मॅनरिंग', आणि ते कुत्रे म्हणजे आजचा डँडी डिनमाँट टेरियर. लेखकाने कल्पिलेल्या पात्राचे नाव धारण करणारी कुत्र्याची ही एकमेव जात, असे या विषयातले जाणकार सांगतात. पण आज ही जात इतकी विरळ झाली आहे की ब्रिटनच्या केनेल क्लबने तिला धोक्यात असलेल्या देशी जातींच्या यादीत घातले आहे. वर्षाला ३०० पेक्षा कमी पिल्लांची नोंदणी झाली की जात या यादीत येते. डँडीचा आकडा बरीच वर्षे शंभराच्या आसपास घोटाळतो आहे. तुलनेसाठी सांगायचे तर २०१८ साली त्याच देशात फ्रेंच बुलडॉगची छत्तीस हजारांहून जास्त पिल्ले नोंदली गेली.

कुत्र्याच्या जातीवर एवढे लिहिण्यासारखे काय, असे काही वाचक म्हणतील. मला यातला ओढून घेणारा भाग वेगळाच वाटतो. पुस्तकाने एखाद्या जिवंत प्राण्याला नाव द्यावे, नावाने त्याला राजवाड्यापर्यंत न्यावे, आणि पुढे पुस्तक वाचणारेही कमी व्हावेत आणि प्राणीही, असा हा इतिहास आहे.

आधी रूप सांगतो, म्हणजे डोळ्यांपुढे चित्र राहील. उंची खांद्याशी जेमतेम ८ ते ११ इंच, वजन ८ ते ११ किलो. पाय आखूड, त्यातही पुढचे मागच्यांहून आखूड. अंग लांबलचक आणि मुंगसासारखे वळणदार, म्हणजे खांद्याशी खाली, कमरेवर कमान, आणि मग शेपटीकडे पुन्हा उतार. शेपूट वाकड्या तलवारीसारखी. या ठेंगण्या धडावर एक भले मोठे डोके, आणि त्या डोक्यावर रेशमासारख्या मऊ, फिक्या केसांचा झुबका. कुणी म्हाताऱ्या न्यायाधीशाने विग चढवून खाली वाकून बसावे तसा हा प्राणी दिसतो. झुबक्याखालून मोठे, गडद, पाणीदार डोळे तुमच्याकडे बघत असतात. दात अंगाच्या मानाने फारच मोठे. आणि आवाज ऐकला तर दाराआड म्हशीएवढे कुत्रे असावे असे वाटेल, इतका खोल आणि भरदार.

रंग दोनच. एक निळसर काळ्यापासून फिक्या रुपेरीपर्यंत, त्याला म्हणायचे पेपर, म्हणजे मिरी. दुसरा तांबूस तपकिरीपासून फिकट पिवळसरपर्यंत, तो मस्टर्ड, म्हणजे मोहरी, आपल्या कोंकणीतली सासवां. (पेपर शब्द देवनागरीत लिहिला की वर्तमानपत्रच समोर येते, म्हणून इथून पुढे मिरी आणि मोहरीच म्हणतो.) ज्या मिरीपायी फिरंगी आपल्या किनाऱ्याला लागले, तिचे नाव स्कॉटलंडच्या डोंगरात कुत्र्याला मिळावे, हेही एक आश्चर्यच.

आता मुलुख. इंग्लंड आणि स्कॉटलंडच्या हद्दीवरचा हा डोंगराळ भाग. सीमाभाग म्हटला की आपल्याला लगेच बेळगाव आठवते, पण इथले प्रकरण कितीतरी जुने आणि रक्तरंजित होते. आर्मस्ट्राँग, एलियट अशा घराण्यांनी शतकानुशतके एकमेकांची गुरे पळवावीत, घरे जाळावीत आणि मग त्यावर पोवाडे रचावेत. सतराव्या शतकाच्या आरंभी दोन्ही देशांचा राजा एकच झाला आणि हळूहळू दंगे थंडावले. मेंढरे, मासे आणि शिकार एवढेच मग उरले. तिथे शेतकऱ्याला कोल्हा नको असतो, कारण तो कोकरे नेतो. पाणमांजर नको असते, कारण ते मासे खाते. आणि बॅजर नावाचा एक दणकट, पट्टेरी तोंडाचा प्राणी बिळात दबा धरून बसतो, त्याच्या वाटेला तर मोठे कुत्रेही जात नाही. या सगळ्यांना बिळात शिरून तोंड देईल असे कुत्रे हवे होते. लांब अंग, आखूड पाय आणि मोठा जबडा ही शोभा नव्हे, हे त्या कामाचे अवजार होते.

अशा कुत्र्यांचे जे पहिले नामवंत धनी सांगतात, त्यांत विल्यम अ‍ॅलन उर्फ पायपर अ‍ॅलन येतो. जन्म १७०४, मृत्यू १७७९. नॉर्थम्बरलँडच्या बाजूचा, भटक्या वृत्तीचा माणूस. तिथली पिशवीची सनई वाजवावी, पाणमांजरांची शिकार करावी, आणि जमेल तितके मासे धरावेत, असा त्याचा चरितार्थ. त्याच्याकडे हिचेम नावाचा एक टेरियर होता. तो कुत्रा नॉर्थम्बरलँडच्या ड्यूकच्या मनात भरला आणि ड्यूकने त्याच्या बदल्यात एक लहानसे शेत देऊ केले, अशी कथा आहे. पायपर अ‍ॅलनने म्हणे एक दिवस विचाराला घेतला आणि दुसऱ्या दिवशी जाऊन सांगितले की महाराज, शेत तुमचे तुम्हालाच राहू दे, वाजंत्र्याला शेत घेऊन काय करायचे? आपल्याकडच्या एखाद्या कलावंताच्या तोंडी हे वाक्य सहज शोभले असते. त्याचा मुलगा जेम्स अ‍ॅलन तर बापाहून नामांकित वादक निघाला. पण त्याला घोडा चोरल्याबद्दल शिक्षा झाली आणि १८१० साली डरहॅमच्या तुरुंगात त्याचा अंत झाला.

हा मुलुख वॉल्टर स्कॉट याने पायाखाली घातला होता. एडिनबरोला वकिली करणारा, एका पायाने अधू असलेला हा तरुण १७९२ पासून सलग सात वर्षे दरसाल लिडिसडेलच्या खोऱ्यात जात असे, तो जुने पोवाडे गोळा करायला. सोबतीला रॉबर्ट शॉर्टरीड नावाचा स्नेही. शेतकऱ्यांच्या घरी उतरायचे, त्यांच्या चुलीशी बसायचे, त्यांची दारू प्यायची आणि म्हातारेकोतारे काय गातात ते टिपून घ्यायचे. पुढे १७९९ मध्ये तो सेल्कर्कशायरचा शेरीफ झाला, म्हणजे न्यायाधिकारी. त्यामुळे उंबरठा ओलांडून माणसे त्याच्याकडेही येऊ लागली. या भटकंतीतून त्याने जे जमवले त्यातले पोवाडे आधी छापून निघाले, आणि माणसे नंतर कादंबऱ्यांत उतरली.

'गाय मॅनरिंग' त्याने १८१४-१५ च्या हिवाळ्यात अवघ्या सहा आठवड्यांत लिहिली. पुस्तकावर नाव नव्हते, 'वेव्हर्ली'चा कर्ता एवढेच. दोन हजार प्रतींची आवृत्ती निघाल्याबरोबर संपली. या कादंबरीत आपल्याला गंमत वाटेल अशी गोष्ट म्हणजे ती जन्मकुंडलीपासून सुरू होते. तिचे पर्यायी नावच मुळी 'ज्योतिषी'. मॅनरिंग हा तरुण इंग्रज एका नवजात मुलाची पत्रिका मांडतो. ते मूल पाचव्या वर्षी पळवले जाते, ब्राउन या नावाने वाढते आणि थेट हिंदुस्थानात पोचते. तिथे त्याचा वरिष्ठ कोण, तर कर्नल झालेला तोच मॅनरिंग. तर असा हा ब्राउन परत येताना सरहद्दीच्या माळावर एका धिप्पाड, मोकळ्या मनाच्या शेतकऱ्याला लुटारूंच्या हातून सोडवतो. तो शेतकरी म्हणजे डँडी डिनमाँट. डँडी हे अँड्र्यूचे लाडके रूप, आणि डिनमाँट म्हणजे तिकडच्या बोलीत पहिली आणि दुसरी कातरणी या दरम्यानचा मेंढा. नावातच माणूस दिसतो.

डँडीच्या घरी सहा टेरियर आहेत आणि सहांची मिळून नावे दोनच. थोरली मिरी, थोरली मोहरी, तरणी मिरी, तरणी मोहरी, धाकटी मिरी, धाकटी मोहरी. पाहुण्याला आश्चर्य वाटते, पण डँडीला त्यात काही वावगे दिसत नाही. थोरले माधवराव आणि सवाई माधवराव यांच्यात गोंधळ न करणाऱ्या आपल्याला तरी ते का दिसावे? कुत्र्यांना तयार कसे करायचे हेही तो समजावून सांगतो. आधी उंदीर, मग मुंगसासारखे दिसणारे छोटे शिकारी प्राणी, आणि मग कोल्हे व बॅजर. एवढे झाले की पुढे काहीही केसाळ अंगाचे समोर आले तरी ते घाबरत नाहीत. कादंबरीत हा सगळा मजकूर काही पानांचाच आहे. कुत्र्यांना मिळालेले अमरत्व या एवढ्याशा पानांचे.

खरा डँडी कोण, यावर वाद झाला. स्कॉटचा चरित्रकार आणि जावई लॉकहार्ट याने पहिल्याच फेरीत भेटलेल्या विली एलियट नावाच्या शेतकऱ्याकडे बोट दाखवले. स्कॉटने स्वतः सांगितले की लिडिसडेलमधले डझनभर शेतकरी मिसळून ते पात्र झाले. पण लोकांनी डेव्हिडसनलाच पकडले, कारण खरोखरच त्याच्या साऱ्या टेरियरांची नावे मिरी आणि मोहरी अशीच होती. स्कॉटने ही गोष्ट फक्त ऐकली होती. पुस्तक लिहीपर्यंत त्याची आणि डेव्हिडसनची गाठ पडलेली नव्हती. शेजारीपाजारी मात्र डेव्हिडसनला डँडी म्हणून हाक मारू लागले, आणि त्याने ती हाक स्वीकारली. शेरीफसाहेबांनी माझ्याविषयी इतरांपेक्षा काही जास्त लिहिलेले नाही, जे लिहिले ते माझ्या कुत्र्यांविषयी, असे तो म्हणे.

मला हा माणूस आवडतो. त्याचे नाव पुस्तकात आलेही नाही आणि त्याची प्रसिद्धी झाली. तिचा त्याने ना बाजार मांडला, ना तिच्यावर रुसला. १८२० च्या जानेवारीत तो मरणाच्या दारात होता. त्या वेळी घरावरून शिकारी कुत्रे कोल्ह्याच्या मागे आरडत गेले. म्हाताऱ्याने हट्ट धरला, मला उठवा, खिडकीशी न्या. पाठलाग डोळे भरून पाहिला आणि मग पुन्हा अंथरुणावर पडला. ही हकीकत ऐकून स्कॉटही हेलावला होता. ऑक्सनमच्या चर्चच्या आवारात डेव्हिडसनला मूठमाती दिली गेली.

इथे एक गोष्ट आपल्याशी संबंधित म्हणून सांगतो. स्कॉटच्या कादंबऱ्या एकोणिसाव्या शतकात आपल्या कॉलेजांतून वाचल्या जात, आणि मराठी ऐतिहासिक कादंबरीने त्यांचे वळण उचलले. आपल्या भाषेतली पहिली ऐतिहासिक कादंबरी 'मोचनगड' १८७१ ची, आणि तिचे कर्ते रामचंद्र भिकाजी गुंजीकर बेळगाव जिल्ह्यातल्या जांबोटीचे, म्हणजे गोव्याला खेटूनच असलेल्या गावचे. पुढे हरिभाऊ आपट्यांनी हा प्रकार शिखरावर नेला. मात्र एक फरक जाणवतो. स्कॉटने राजे आणि सरदार रंगवले तसेच शेतकरी, भटक्या बायका आणि त्यांची कुत्रीही तेवढ्याच जिव्हाळ्याने रंगवली. आपल्याकडच्या गड-किल्ल्यांच्या कादंबऱ्यांत गडाखालच्या शेतकऱ्याचे कुत्रे फारसे भुंकले नाही. धनगराच्या, गवळ्याच्या कुत्र्याचे नाव टिपून घेणारा कुणी निघाला असता तर तेही कदाचित आज एका जातीचे नाव झाले असते. असो.

स्कॉटने स्वतःच्या घरीही हे टेरियर पाळले. घरात मिरी आणि मोहरी होतीच, पण जिंजर आणि स्पाइस, म्हणजे आले आणि मसालाही होता. एकूण स्वयंपाकघरच! कादंबरीनंतर दोन-तीन दशकांत ही कुत्री राजेरजवाड्यांच्या दिवाणखान्यात जाऊन बसली. १८४५ च्या सुमारास फ्रान्सचा राजा लुई फिलिप याच्याकडेही जोडी होती. ज्यांना आयुष्यात बॅजर दिसणार नव्हता अशा घरांत ती वाढू लागली.

याच काळात वंशावळीचा धागा पक्का झाला. ड्यूक ऑफ बक्लूच्या बोहिल येथील रानात एक मिरी रंगाचा टेरियर सापळ्यात अडकलेला सापडला. तो बहुधा कुणा चोरट्या शिकाऱ्याचा असावा. त्याला नाव पडले ओल्ड पेपर, थोरली मिरीच म्हणा. त्याच्यापासून ४ जून १८४२ रोजी सेल्कर्कजवळच्या हेनिंग या वाड्याच्या कुत्राघरात एक पिल्लू जन्मले, त्याचे नाव ओल्ड जिंजर. आज जगातला प्रत्येक डँडी डिनमाँट या एका कुत्र्यापर्यंत मागे नेता येतो. ते कुत्राघर अजून उभे आहे. बापाची कुळी ठाऊक नाही, आणि मुलाची कुळी साऱ्या जातीला ठाऊक. जातिवंतपणाचा जो अभिमान माणसे मिरवतात, त्याच्या मुळाशी सापळ्यात अडकलेला एक बेवारशी प्राणी निघावा, यावर मी जास्त काही बोलत नाही.

याच सुमारास ब्रॅडशॉ स्मिथ नावाच्या एका श्रीमंत गृहस्थाने १८४१ पासून मिळतील तेथून उत्तम डँडी विकत घेऊन मोठा संग्रह केला. पुढल्या वंशाचा मोठा हिस्सा तिथून आला. मग वर्तमानपत्रांतून वाद पेटले. खरा डँडी कोणता, डॅक्सहुंडचे रक्त यात मिसळले आहे का, डेव्हिडसनच्या नावाने फिरणारे जुने टिपण अस्सल की बनावट, यावर शिकारी साप्ताहिकांत पानेच्या पाने खर्ची पडली. आपल्या संमेलनांच्या अध्यक्षपदावरून होणाऱ्या वादांची ज्यांना सवय आहे त्यांना यात नवे काही वाटणार नाही. अखेर १८७५ च्या नोव्हेंबरात सेल्कर्कच्या फ्लीस हॉटेलात मंडळी जमली आणि डँडी डिनमाँट टेरियर क्लब स्थापन झाला. एकाच जातीसाठी स्थापन झालेल्या जगातल्या जुन्यात जुन्या क्लबांपैकी हा एक. पुढल्याच वर्षी जातीची लक्षणे लिहून निश्चित झाली, ती आजवर फारशी बदललेली नाहीत. जिथे स्कॉट शेरीफ म्हणून न्याय देत असे, त्याच गावात हे घडले.

स्वभावाविषयी. टेरियर म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे सतत किणकिणणारे, पायात घुटमळणारे कुत्रे येते. डँडी तसा नव्हे. तो गंभीर, काहीसा आत्ममग्न असतो. घरच्या माणसांवर जीव टाकतो, पण लाळघोटेपणा करत नाही. बोलावले की येतो, मात्र आधी विचार करून. पाळणारे सांगतात की त्याला हुकूम देता येत नाही, समजूत घालावी लागते. मुलांशी सहसा सौम्य वागतो. दुसऱ्या कुत्र्याने कुरापत काढली तर बराच वेळ दुर्लक्ष करतो, आणि एकदा का उठला की मग आवरत नाही. मांजर, ससा, उंदीर दिसला की शंभर पिढ्यांपूर्वीचे काम आठवते. बाग असेल तर ती उकरली जाणार हे गृहीत धरावे. मला यात डेव्हिडसनची छाया दिसते, पण तो माझा भाबडेपणाही असेल.

निगा राखायची तर दोन गोष्टी मुख्य, केस आणि पाठ. अंगावरचे केस दोन तऱ्हांचे असतात, सुमारे दोन हिस्से राठ आणि एक हिस्सा मऊ, आणि ते एकमेकांत मिसळलेले. त्यामुळे अंगावर पेन्सिलीने रेघा ओढल्यासारखी नक्षी दिसते. हे केस कात्रीने किंवा यंत्राने कापले तर राठपणा जातो, रंग विटतो आणि नक्षी पुसली जाते. म्हणून मेलेले केस बोटांनी उपटून काढतात. नीट केले तर कुत्र्याला दुखत नाही, पण वेळ लागतो, आणि हे काम करणारे हात आता तिकडेही कमी झाले आहेत. डोक्यावरचा झुबका आठवड्यातून दोन-तीनदा विंचरावा लागतो, नाहीतर गुंता होतो. कान लोंबते आणि केसाळ असल्यामुळे आतून ओले राहू देऊ नयेत.

पाठीचे दुखणे जास्त गंभीर. लांब पाठ आणि आखूड पाय असलेल्या साऱ्या जातींना मणक्यांमधल्या चकतीचा विकार जडण्याचा धोका असतो. चकती सरकून मज्जारज्जूवर दाबली की आधी वेदना, मग मागचे पाय लुळे. म्हणून त्याला सोफ्यावरून उड्या मारू देत नाहीत, जिने वरखाली करू देत नाहीत, आणि उचलताना एक हात छातीखाली व दुसरा मागच्या भागाखाली घालतात. वजन तर मुळीच वाढू देत नाहीत. खायला मिळाले की हा गडी थांबत नाही, त्यामुळे इथे मालकालाच कठोर व्हावे लागते. दुसरा धोका काचबिंदूचा. डोळ्यातले पाणी निचरा न होता साठते, दाब वाढतो आणि वेळीच लक्षात आले नाही तर दृष्टी जाते. डोळा लाल किंवा धूसर दिसला की त्याच दिवशी पशुवैद्याकडे न्यावे. पिल्लांसाठी जोडी लावण्याआधी जाणते लोक डोळ्यांची तपासणी करून घेतात.

गोव्यात कुणाला हा लेख वाचून हौस वाटली तर मी आधीच हात जोडतो. थंड, वाऱ्याच्या डोंगरासाठी घडलेले हे दुहेरी केस आपल्या मे महिन्यात आणि मग चार महिन्यांच्या ओल्या पावसात त्याला छळतील. आपल्या वाड्यावरचे गावठी कुत्रे या हवेला किती नेमके जुळलेले आहे, हे अशा वेळी कळते.

मग जात आटली कशामुळे? एक कारण कायद्यात आहे. ज्या कामासाठी हा कुत्रा घडला ते काम एकेक करून गुन्हा ठरले. बॅजरला १९७३ साली कायद्याचे संरक्षण मिळाले. पाणमांजराला इंग्लंडमध्ये १९७८ आणि स्कॉटलंडमध्ये १९८२ साली. कुत्र्यांनी कोल्ह्याचा पाठलाग करण्यावर स्कॉटलंडने २००२ मध्ये आणि इंग्लंड-वेल्सने २००४ मध्ये कायदा केला. मला विचाराल तर हे सगळे योग्यच झाले. पाणमांजर आपल्या चोडणच्या खाजणातही आहे, आणि त्याच्यावर कुणी कुत्री सोडलेली मला चालणार नाहीत. पण अवजाराचे काम गेले की अवजार अडगळीत जाते, ही गोष्ट राहतेच. दुसरे कारण नुसते फॅशनचे. दोन महायुद्धांत धान्याच्या टंचाईपायी मोठी कुत्राघरे बंद पडली, आणि नंतर लोकांना चपट्या नाकाची, शहरी फ्लॅटमध्ये मावणारी कुत्री आवडू लागली. जाहिरातीत आणि सिनेमात जे दिसते ते विकले जाते. डँडी तिथे क्वचितच दिसतो.

तिसरे कारण मात्र जातीच्या आतलेच आहे. एकाच ओल्ड जिंजरपासून आलेला वंश, त्यात दरवर्षी शंभरेक पिल्ले. जो जोडीदार शोधावा तो लांबचा का होईना नातेवाईकच निघतो. ब्रिटनबाहेर अमेरिकेत, स्वीडनमध्ये, फिनलंडमध्ये हा कुत्रा जपणारे आहेत. त्यामुळे समुद्रापार जोड्या जुळवण्याचा प्रयत्न होतो. शेजारच्या खोऱ्यातला बेडलिंग्टन टेरियर हा तर त्याचा जुना भाऊबंद, त्याच्याही डोक्यावर तसाच झुबका. अशा जवळच्या जातीचे रक्त थोडे मिसळावे का, हा विचार कुणाच्याही मनात येईल. शुद्धतेचे आग्रही त्याला नाही म्हणतील. माझ्यासारख्या त्रयस्थाला वाटते की पायपर अ‍ॅलन किंवा डेव्हिडसन यांनी हा प्रश्न एका संध्याकाळी सोडवला असता. त्यांना कामाचे कुत्रे हवे होते, कागदावरचे नव्हे. पण कागद नसता तर जात तरी राहिली असती का, हाही प्रश्न आहेच. क्लबाच्या वह्या, नोंदी आणि वंशावळी यांनीच ती दीडशे वर्षे टिकवून धरली आहे, आणि आयुष्य वह्या सांभाळण्यात गेलेल्या माणसाने तरी त्यांना नावे ठेवू नयेत.

पिल्ले जन्मतात तेव्हा कुठले मिरी आणि कुठले मोहरी हे नवख्याला ओळखता येत नाही. मिरीची पिल्ले काळी-तांबूस असतात, आणि मोहरीची तर गडद तपकिरी, कधी जवळजवळ काळीच. झुबकाही नसतो. महिन्यामागून महिने जात रंग उतरतो, केस बदलतात, आणि कोणाचे नाव काय ठेवायचे ते हळूहळू ठरते.

'गाय मॅनरिंग' आता स्वामित्वहक्कातून मुक्त असल्यामुळे इंटरनेटवर फुकट वाचायला मिळते. सुरुवातीची प्रकरणे जरा रेंगाळतात, आणि शेतकऱ्यांच्या तोंडी स्कॉट बोली असल्यामुळे पहिल्यांदा अडखळायला होते. ज्यांना धीर नसेल त्यांनी सरळ बाविसाव्या प्रकरणापासून सुरू करावे. तिथे ब्राउन वास्प नावाचा आपला छोटा टेरियर बरोबर घेऊन पायी निघालेला आहे, आणि पुढच्या खाणावळीत डँडी डिनमाँट गोमांस आणि एलवर ताव मारत बसलेला भेटतो.